कुलपात ठेवलेला हाकारा

सगळं गाव त्याला दचक्या म्हणायचं, आणि गावानं हे नाव काही उगाच ठेवलं नव्हतं. कुलपं दुरुस्त करणारा माणूस, दिवसभर खटक्यांच्या आवाजात बसणारा. पण मागं कुणी नुसतं खाकरलं तरी हातातली कानस उडून पलीकडच्या फळीवर जायची. एकदा एका गिऱ्हाइकाला शिंक आली आणि हा थेट बाकाखाली. गिऱ्हाईक बिचारं बराच वेळ एकटंच उभं. त्याला वाटलं, दुकानदार आत गेला असेल, येईल. मग बाकाखालून आवाज आला, ‘गेली का?’ तेव्हा कुठं उलगडा झाला.

दुकान म्हणजे घराचीच पुढची खोली. खिडकीखाली लाकडी बाक, त्याला घट्ट बसवलेला शिकंजा, भिंतीला खिळ्यांवर टांगलेल्या तीन-चारशे किल्ल्या, आणि कोपऱ्यात मोडक्या कुलपांची रास. इतर घरांना एक कुलूप असतं, ह्याच्या घराला सात. बायको म्हणायची, चोर आलाच तर सातवं कुलूप उघडेपर्यंत म्हातारा होईल, मग आपणच त्याला हाताला धरून घरी पोचवू.

आता असल्या माणसाच्या डोक्यात कुणी काही मोलाचं ठेवील का? पण ठेवलं होतं. हाकाऱ्याचे शब्द ह्याच्याकडे होते.

त्या गावाची श्रद्धा अशी, की आभाळ म्हणजे वरचा माळा, आणि त्या माळ्यावर एक म्हातारी राहते. तिला सगळे माळ्यावरची म्हणत. जगातलं सगळं पाणी तिच्या हंड्यांमध्ये भरून ठेवलेलं. बाई मनानं वाईट नाही, पण कानानं जड आणि स्वभावानं तिरसट. तिला झोप लागली की पाऊस बंद. मग हाका मारून तिला उठवायचं. हाका नऊ. नऊही जशाच्या तशा, ठरलेल्या शब्दांत आणि ठरलेल्या चालीत. एक शब्द जरी चुकला तरी ती चिडते आणि हाताला लागेल तो हंडा कलंडवते. आणि माळ्यावर काही नुसते पाण्याचेच हंडे नाहीत. एकात गारा आहेत, एकात राख आहे, आणि एकात काय आहे ते सांगायला कुणी शिल्लकच राहिलं नाही म्हणे.

म्हणून जुन्या लोकांनी एक व्यवस्था लावून दिली होती. शब्द एका घराकडे, चाल दुसऱ्या घराकडे. कारण दोन्ही एकत्र आली की म्हातारी जागी होणारच; उद्या कुणी भांडी घासता घासता गुणगुणलं तर केवढ्याला पडायचं! शब्दांचं घर घड्याळाच्या मनोऱ्याच्या अलीकडे, चालीचं पलीकडे. घरातल्या इतरांना बंधन नाही, पण शब्दवाल्यानं आणि चालवाल्यानं एकमेकांशी बोलायचं नाही, समोर आलं तर वाट बदलायची, मनोरा ओलांडायचा नाही. दोघांनी एकमेकांसमोर यायचं ते फक्त दुष्काळात, हाकाऱ्याच्या ओट्यावर. एरवी शब्दवाल्यानं शब्द म्हणायचे तेही बाजारातली यादी वाचावी तसे, सपाट. चालवाल्यानं चाल आळवायची ती मनातल्या मनात, ओठ मिटून, नाकातूनही आवाज न काढता. आणि सगळ्यात कडक नियम असा, की हे शब्द कुठंही लिहायचे नाहीत. लिहिलेला शब्द आभाळातलं पाणी शोषून घेतो आणि जिथं लिहिला तिथंच बसून राहतो, असं सांगत.

नियम मोडला किंवा शब्द चुकला तर काय होतं, ते दचक्याला रोज सकाळी दिसायचं. त्याच्या शेजारचं जुनं घर त्यांचंच. पण त्याच्या दाराच्या जागी विटा होत्या. त्याच्या आत्याच्या आजोबांचा एक शब्द चुकला होता. तीन दिवस गारा पडल्या, एका खिडकीची काच राहिली नाही, झाडं सोलून निघाली. चौथ्या दिवशी लोकांनी घरच्यांना बाहेर काढलं आणि दार विटांनी लिंपून टाकलं, भांडीकुंडी, पोरांचे कपडे, चुलीवरचा डाळीचा हंडा, सगळं आत तसंच. सात वर्षं ते कुटुंब गावाबाहेरच्या पत्र्याच्या शेडमध्ये राहिलं, आणि सात वर्षं त्यांना कुणी घोटभर पाणी दिलं नाही. लहानपणी दचक्या त्या विटांना कान लावून ऐकायचा. त्याला वाटायचं, आत तो हंडा अजून उकळतोय.

शब्द त्याला आत्यानं दिले. ती ह्या घरातली, लग्न न केलेली, आवाजानं खणखणीत. भाच्याच्या बाकासमोर स्टुलावर बसून ती तीन वर्षं दुपारच्या वेळी त्याला शब्द सांगत राहिली. भाषा इतकी जुनी, की अर्थ तिलाही माहीत नव्हता. तो किल्ली घासत असायचा, ती एकेक ओळ सांगायची, तो म्हणायचा, ती पुन्हा म्हणायला लावायची. त्याच्या तोंडात एखादी ओळ चुकून लयीत आली की ती त्याच्या हातावर कानस मारायची. बारीक दात्यांची मारायची, एवढी माया तिला होती.

ती गेली तेव्हा दचक्या तिशीत होता. तेराव्या का चौदाव्या दिवशी तो बाकाशी बसला असताना त्याच्या एकदम लक्षात आलं, की आता हे शब्द साऱ्या जगात एकाच ठिकाणी आहेत, आणि ते ठिकाण म्हणजे आपलं डोकं. डोकं! ज्याला काल चष्मा कुठं ठेवला ते आठवत नाही ते डोकं! शिडीवरून पडलो तर? ताप मेंदूत गेला तर? आठवडाभर त्यानं डोक्याला जाड टोपी घालून काम केलं. आणि मग एका दुपारी, बायको पाण्याला गेली असताना, त्यानं एक मोठं पितळी कुलूप उघडलं, त्याच्या मागच्या पत्र्याची आतली बाजू घासून लख्ख केली, आणि बारीक टोच्यानं त्यावर नऊही हाका कोरल्या. अक्षर मुंगीएवढं. प्रत्येक अक्षराला तो दाराकडे बघायचा. काम संपल्यावर पत्रा रिव्हेट मारून बसवला आणि कुलूप सगळ्यात वरच्या फळीवर ठेवून दिलं. त्या दिवसापासून त्याच्या पोटात एक गोळा कायमचा वस्तीला आला.

आठ वर्षं काही झालं नाही. पाऊस येत होता, जात होता. दचक्यानं रोज एकदा फळीकडे बघायचं आणि रोज एकदा हाय खायची, ह्यापलीकडे त्या कुलपाचा कुणाला त्रास नव्हता.

नवव्या वर्षी तो पोस्टाची तिजोरी उघडायला गेला होता. त्यांची किल्ली साहेबांच्या कोटात आणि कोट धोब्याकडे, असा काहीतरी घोळ. संध्याकाळी परत आला तर वरची फळी रिकामी. बायकोनं खुशीत सांगितलं, की एक माणूस आला होता, पुढच्या दाराला मोठं कुलूप पाहिजे म्हणाला, तेव्हा ते धूळ खात पडलेलं पितळी दिलं, चालतंय छान, किल्लीही होतीच. कुणाला दिलं, ते विचारायला त्याचं तोंड उघडेना. तिनं आपणहून सांगितलं, की मनोऱ्यापलीकडच्या पावाच्या भट्टीवालीचा दीर होता.

भट्टीवाली म्हणजे चालीचं घर.

दचक्या दारातच खाली बसला. आता बघा, कशी अडचण झाली ती. कुलूप परत मागायचं तर मनोरा ओलांडायला हवा, ते निषिद्ध. निरोप धाडायचा तर तोही निषिद्ध. दुसऱ्या कुणाला पाठवावं तर कारण सांगावं लागेल, आणि कारण सांगितलं की विटा. शब्द लिहिले म्हणून एक पाप, आणि ते लिहिलेले शब्द नेमके चालीच्या दारावर टांगले म्हणून दुसरं. पहिल्या पापानं पाऊस आटायला हवा, दुसऱ्यानं कोसळायला हवा. रात्रंदिवस तो हाच हिशेब करायचा, की ह्यातलं वरचढ कोण ठरणार.

त्या वर्षी पाऊस आला नाही. म्हणजे उत्तर मिळालं.

दुसऱ्या वर्षीही नाही. तळं आटलं, मग तळ्यातला चिखल आटला, मग चिखलाच्या भेगांत पोरांच्या हरवलेल्या गोट्या सापडायला लागल्या. सार्वजनिक नळाला एक दिवसाआड अर्धा तास पाणी यायचं, आणि त्या अर्ध्या तासासाठी बायका पहाटेपासून घागरी रांगेत लावून ठेवायच्या. दचक्याची बायको रांगेत उभी असायची तेव्हा हा खिडकीतून बघायचा. पुढं कोण, मागं कोण, कुणाच्या घागरीला किती आलं. शेजारच्या शिंप्याची म्हातारी आई रांगेत चक्कर येऊन पडली, त्या दिवशी तो जेवला नाही. बायकोला वाटलं, ऊन लागलं. कुणी सहज म्हणालं, ‘काय रे, कधी येणार पाऊस?’ तर ह्याला वाटायचं, हा आपल्यालाच का विचारतोय!

आणि त्याच काळात त्याच्या डोक्यात ती दुसरी भानगड सुरू झाली. सहाव्या हाकेत एक शब्द येतो. सगळ्या हाकाऱ्यात तो मुख्य. त्यावर म्हातारी कूस बदलते असं म्हणतात. एका सकाळी तो शब्द मनात म्हणताना दचक्या अडखळला. हाच ना? की तो? कारण आता त्याच्या मनात दोन शब्द उभे होते, जुळ्या भावंडांसारखे, दोघंही म्हणत होते, मीच. एक आत्याचा, एक भीतीनं जन्माला घातलेला. पण कुठला कुठला, हे काही केल्या कळेना. (ते दोन शब्द इथं देत नाही. ज्यानं लिहिले त्याचं काय झालं तेच तर सांगतो आहे.) सोमवारी पहिला खरा वाटायचा, मंगळवारी दुसरा. म्हणता म्हणता दोन्ही सारखेच झिजले आणि सारखेच ओळखीचे झाले.

तिसरं वर्षही कोरडं गेलं, आणि गावातल्या वडीलधाऱ्या मंडळींनी दवंडी पिटवली: आजपासून दहाव्या दिवशी, सकाळी, तळ्यातल्या ओट्यावर हाकारा.

त्या दुपारी दचक्यानं दुकान बंद केलं, सातही कुलपं लावली, आणि बायकोला सगळं सांगितलं. पत्र्यापासून सहाव्या हाकेपर्यंत. ती डाळ निवडत होती. ऐकता ऐकता तिचा हात थांबला. ती रडेल, ओरडेल, माहेरी जाईन म्हणेल, अशी सगळी तयारी त्यानं मनाशी केली होती.

‘अकरा वर्षं,’ ती म्हणाली. ‘अकरा वर्षं तुम्ही हे पोटात घेऊन झोपलात माझ्याशेजारी. मला वाटायचं, जंत झालेत.’

मग मात्र तिचा चेहरा उतरला. आतल्या खोलीत बारा वर्षांची लेक भिंतीला टेकून पुस्तक वाचत होती. दोघांनी एकदम तिकडं बघितलं, आणि दोघांच्या मनात एकदमच विटा आल्या. बायको हलक्या आवाजात म्हणाली, की शब्द कुठला ते त्या पत्र्यावरच असणार, तर पत्रा बघायलाच हवा. आणि तुमच्यानं होणार नाही, मी जाते.

ती गेली आणि तासाभरानं तशीच परत आली. कुलूप मिळालं नव्हतं. भट्टीच्या दिरानं सांगितलं होतं, की ते कुलूप तीन वर्षांपूर्वी लावलं ते अडकलंच. उघडत नाही, तुटत नाही, घरचे तेव्हापासून मागच्या दारानं ये-जा करतात. कुलूपवाल्याला का नाही बोलावलं, असं हिनं विचारलं, तर तो नुसता हसला आणि मनोऱ्याकडे बोट दाखवलं. गावात कुलूपवाला एकच, आणि तोच एक चालत नाही.

म्हणजे दचक्यालाच जायला हवं होतं.

तो गेला तो भर दुपारी, रस्त्यावर कुत्रंसुद्धा नसताना. डोक्यावर एक रिकामी लोखंडी पेटी घेतली, तोंड झाकलं जावं म्हणून. कुणी विचारलंच तर दुरुस्तीची पेटी पोचवतोय. पेटीत हत्यारं, आणि ती पावलागणिक खणखणत होती. घड्याळाच्या मनोऱ्याखालची सावली ओलांडताना त्यानं डोळे मिटले आणि एका खांबावर आपटला. पलीकडची गल्ली त्यानं जन्मात पाहिली नव्हती. अगदी आपल्यासारखीच होती, तेच दगड, त्याच रिकाम्या घागरी दारात पालथ्या घातलेल्या. ह्याचीच त्याला जास्त भीती वाटली.

भट्टीचं पुढचं दार बंद. त्यावर ते पितळी कुलूप, हिरवट पडलेलं. तो पायरीवर बसला, तेल सोडलं, बारीक आकडा आत घातला. आतून कणीक मळल्याचा आवाज येत होता, धप, धप. मग तो आवाज थांबला.

‘कोण आहे?’

दचक्याचे दात कानस घासावी तसे वाजत होते.

‘कानशीचा आवाज आहे,’ दारापलीकडून बाई म्हणाली. ‘म्हणजे तूच. दचक्या ना रे तू?’

आता काय करावं? पळावं तर आकडा कुलपात अडकलेला. तो अगदी हलक्या आवाजात म्हणाला, ‘बाई, तुम्ही बोलू नका. मी आलेलोच नाही.’

‘बरं. मग तू आलेला नाहीस तोवर एक सांगते.’ आणि दाराच्या अगदी जवळून, फटीतून, ती बोलायला लागली. साठीची बाई, गावभर दरारा. पण आवाज पोरीसारखा कापत होता. तिनं सांगितलं, की हा पाऊस तिच्यामुळे गेला. तीन वर्षांपूर्वी एका सकाळी ती एकटी कणीक मळत होती, कणीक छान आली होती, मऊ, हाताला न चिकटणारी, आणि त्या आनंदात चाल तिच्या नाकातून बाहेर पडली. एक-दोन हाका नाही, नऊच्या नऊ. शब्दांवाचून चाल सोडली की म्हातारी नुसती कूस बदलते आणि आणखी गाढ झोपते, असं तिच्या घरात सांगत. त्या दिवसापासून तिनं कुणाला तोंड दाखवलं नव्हतं. पुढचं दार अडकलं तेव्हा तिला बरंच वाटलं होतं.

‘नाही हो बाई,’ दचक्या म्हणाला, ‘पाऊस माझ्यामुळे गेला.’

‘तुझ्यामुळे कसा जाईल? मी सांगते ना, माझ्यामुळे.’

‘मी शब्द लिहिले. ह्याच कुलपात.’

ती म्हणाली, ‘कधी?’ त्यानं सांगितलं, अकरा वर्षं झाली. ती म्हणाली, मग मधली आठ वर्षं पाऊस कसा आला? तो म्हणाला, तुमच्या दारावर आल्यापासून गेला. ती म्हणाली, दारावर आलं त्याच आठवड्यात मी गुणगुणले, तेव्हा तू मधे पडू नकोस. अशी दोघं भर उन्हात दाराच्या दोन बाजूंना बसून, पाप माझं की तुझं, ह्यावर कुजबुजत भांडत होती, आणि दोघांचेही डोळे वाहत होते. त्या दिवसांत डोळ्यांतून पाणी काढणंही कुणाला परवडत नव्हतं.

तेवढ्यात कुलूप सुटलं. दचक्यानं घाईनं रिव्हेट कापले, पत्रा पालथा केला, बाहीनं पुसला. अक्षरं होती. हिरव्या डागांतूनही स्पष्ट. पहिली हाक, दुसरी, तिसरी. बोट फिरवत तो सहावीवर आला.

तिथं मधोमध एक आडवी रेघ होती.

मग त्याला आठवलं. अकरा वर्षांपूर्वी त्या शब्दापाशी येऊन त्याचा हात थांबला होता. हा शब्द लिहायला त्याची छाती झाली नव्हती. बाकी सगळं लिहू, पण हा नको. आणि हा तर आपण मेलो तरी विसरणार नाही. म्हणून त्यानं तिथं रेघ मारली होती, व्यवस्थित, पट्टी लावून.

त्यानं फटीतून बाईला सांगितलं, की सहाव्या हाकेतला शब्द माझ्याकडे नाही. दोन आहेत, म्हणजे एकही नाही. चाल काही ती तिथं गुणगुणू शकत नव्हती, आणि तो मागूही शकत नव्हता. शेवटी ती म्हणाली, ‘जा आता. ओट्यावर ये. न येऊन कुठं जाणार आहोत आपण?’

दहाव्या दिवशी सकाळी सगळं गाव कोरड्या तळ्यात उतरलं. रीत अशी, की प्रत्येकानं घरातलं एक रिकामं भांडं आणायचं आणि पालथं धरून उभं राहायचं. सहाव्या हाकेला भांडी उताणी करायची. हंडे, पातेली, बादल्या, एका म्हाताऱ्याच्या हातात नुसता पेला. दचक्याची बायको पुढं उभी, लेकीच्या खांद्यावर हात. हात इतका घट्ट, की पोरगी कळवळून तिच्याकडे बघत होती. ओट्याच्या कडेला वडीलधारे बसलेले. त्यांच्यामागं गवंडी उभा होता. तो आपला भांडं घेऊन इतरांसारखाच आला होता, पण दचक्याला त्याच्या हातात थापीच दिसली.

भट्टीवाली वर आली. तिला तो पहिल्यांदाच बघत होता. बुटकी, रुंद, कोपरांपर्यंत पिठाचे डाग. तिनं डोळे मिटले आणि पहिल्या हाकेची चाल नाकातून सोडली. ती संपली की त्याच चालीत त्यानं शब्द म्हणायचे.

जे शब्द तो आयुष्यभर यादीसारखे म्हणत आला होता, ते त्या चालीत बसवताना त्याचा घसा पहिल्या तीन शब्दांनाच बंद पडला. गर्दीत कुणीतरी चुकचुकलं. त्यानं गिळायला थुंकी शोधली; ती नव्हती. मग कसाबसा आवाज फुटला, चिरका, कोंबडीच्या गळ्यासारखा. पहिली झाली. दुसरी झाली. चौथीला त्याचे गुडघे एकमेकांवर आपटत होते आणि तो आवाज आपल्यालाच ऐकू येतोय की सगळ्यांना, हे त्याला कळत नव्हतं. पाचवी संपली. आणि पाचवीनंतर सहावी येते.

बाईनं सहावी सुरू केली. दचक्यानं कान टवकारले. चाल खाली उतरली, वळली, थोडी थांबली, आणि मग वर चढली. तीन पायऱ्या. तिथून एकदम खाली. बस, तीनच. आणि त्याचा एक शब्द तीन अक्षरांचा होता, दुसरा पाचांचा.

तीन लिव्हरच्या कुलपात पाच दात्यांची किल्ली जात नाही, हे त्याला झोपेतही कळलं असतं. पण भीतीनं तिथंही त्याला सोडलं नाही. आपण बरोबर मोजलं का? दोन अक्षरं घाईत एकात दामटून म्हणायची असली तर? जुने लोक काय वाटेल ते करत! बाईची चाल संपली. आता त्याची पाळी. त्यानं तिच्याकडे बघितलं. तिचे डोळे मिटलेलेच होते, पण हात सवयीनं हवेत कणीक मळत होते. ती चाल तिच्या मनात पुन्हा फिरत असावी. मूठ दाबली, दाबली, दाबली, सोडली.

तीन.

तो शब्द त्यानं म्हटला. म्हटला म्हणजे त्याच्या तोंडून सांडला. आणि समोर हजारभर भांडी एकदम उताणी झाली. तो आवाज इतका मोठा झाला, की माळा कोसळला असं वाटून दचक्या खाली बसला. उरलेल्या तीन हाका त्यानं बसूनच म्हटल्या. जुन्या मंडळींना वाटलं, ही शब्दवाल्यांची काही वेगळी रीत असेल. कुणी काही बोललं नाही.

तीन दिवस आभाळ कोरडं ठाक. त्या तीन दिवसांत दचक्या चार घास खाऊन राहिला आणि बायको दाराबाहेर स्टूल टाकून बसली. गवंडी आलाच तर त्याला पहिलं दर्शन माझं होऊ दे, म्हणाली. चौथ्या दिवशी दुपारी छपराच्या पत्र्यावर टणकन काहीतरी पडलं. मग दुसरं. दचक्या बाकाखाली. गारा! चुकलाच शब्द! आत्या, चुकलाच गं! बायको बाहेर गेली, हात पुढं केला, आत आली आणि ओली मूठ त्याच्या तोंडासमोर उघडली. तरी तो संध्याकाळपर्यंत बाहेर आला नाही. थेंब मोठे असले की आवाज गारांसारखाच येतो, हे त्याला नंतर सगळ्यांनी समजावून सांगितलं. पुढची दोन वर्षं समजावत होते.

हाकारा झाला की शब्द आणि चाल पुन्हा वेगळी. भट्टीवालीनं मग पुढच्या दाराला साधी कडी लावून घेतली. ती आणि दचक्या आयुष्यात पुन्हा एकमेकांशी बोलली नाहीत. बाजारात समोरासमोर आली तर रीतीप्रमाणं वाट बदलायची. फक्त वाट बदलताना ती जरा सावकाश बदलायची, आणि तोही. पत्रा दचक्यानं घासून गुळगुळीत केला. पाप ह्याचं होतं की तिचं, की दोघांचं नव्हतंच, ते कुणालाच कधी कळलं नाही, आणि त्याची भीतीही काही गेली नाही. भीती अशी जाते थोडीच! शिंक आली की तो अजून बाकाखाली जायचा. वय झालं तसा बाहेर यायला वेळ जास्त लागायचा एवढंच.

लेक मोठी झाली, तिनं शब्द घ्यायचे ठरलं. दुपारच्या वेळी स्टुलावर ती, बाकाशी तो. पाच हाका तिला वर्षभरात आल्या. सहावीच्या दिवशी सकाळपासून त्याचं चित्त ठिकाणावर नव्हतं. बायकोनं ओळखलं, की हा आता पोरीला सगळं सांगणार: ते दोन शब्द, ती तीन वर्षं, ती रेघ. इथं जपून, इथं मी चुकणार होतो, इथं तू चुकू नकोस. सांगितलं असतं तर पोरीच्या डोक्यातही त्या दिवसापासून दोन्ही शब्द उभे राहिले असते.

त्यानं ओळ म्हटली. सपाट, यादीसारखी. लेकीनं म्हटली, बरोबर म्हटली, आणि पुढं काय म्हणून त्याच्याकडे बघितलं. दचक्यानं कानस उचलून पुन्हा किल्लीवर टेकवली. बायको दारात ओला पदर पिळत उभी होती.

‘एवढंच,’ तो म्हणाला. ‘सोपी आहे ही. सातवी घे.’

तो दुसरा शब्द त्यानं शेवटपर्यंत एकट्यानंच सांभाळला, रोज घाबरत, आणि गेला तेव्हा सोबत घेऊन गेला.